आवाज बंद कर, मोक

लायकुएनला जाऊन वर्ष उलटलं आणि थाओ मास्तरांना तिचा आवाजच आठवेनासा झाला. हाँगकाँगच्या कितीतरी तलवारपटांत ती नायिका आणि पटकथा मास्तरांची, म्हणजे तिच्या नवऱ्याची. पण एकातही आवाज तिचा नाही. चित्रण मुकंच व्हायचं, मागाहून दुसरीच बाई मँडरिनमध्ये बोलायची. लायकुएन पडली कँटनची, तिची बोलीच वेगळी. मँडरिनच्या नावाने आनंदीआनंद. कॅमेऱ्यासमोर ओठ हलवायचे म्हणून ती तोंडाला येईल ते बोलायची. एकदा खलनायकाच्या गळ्याला तलवार लावून, डोळे वटारून ती म्हणाली, "मेल्या, लवकर मर, माझं सूप उतू जातंय!" अख्खं युनिट हसून लोळलं.

मास्तर मात्र भडकले. "जीव ओतून लिहितो ते काय तुझ्या सुपासाठी? ओठ जुळत नाहीत, लोक मला हसतात!" तो शॉट त्यांनी पुन्हा घ्यायला लावला. त्यानंतर ती काय बोलते इकडे त्यांनी कधी लक्षच दिलं नाही.

आज सकाळी रिकाम्या थिएटरात ते एकटेच बसले होते. वर प्रोजेक्टरच्या मशीनवर जुना दोस्त मोक आणि पडद्यावर तिचा शेवटचा चित्रपट. आपलं जीवघेणं दुखणं तिला त्याच्या चित्रणावेळीच कळलं होतं, पण तिने घरात सांगितलं नव्हतं. मरणाच्या दृश्यात ती कॅमेऱ्याशेजारी उभ्या असलेल्या मास्तरांकडे बघत बोलत होती. वाऱ्याचे मोठे पंखे घोंघावत होते, त्यांना काही ऐकू आलं नव्हतं.

"मोक, आवाज बंद कर."

"अहो मास्तर, बिनआवाजाचं काय बघणार?"

"ती मला काहीतरी सांगून गेलीय रे. तिचे ओठ बघायचेत."

आवाज गेला. मास्तर पुढच्या खुर्चीला धरून वाकले. पहिला शब्द ओळखीचा निघाला. दुसराही. 'गुरुजी, माझी तलवार नदीत सोडा...' पटकथेतलं त्यांचंच वाक्य, त्यांचंच मँडरिन. बिचारीने घोकून घोकून पाठ केलेलं. शेवटपर्यंत एक अक्षर इकडचं तिकडे नाही.

"सापडलं का?" मोकने वरून विचारलं.

मास्तरांना रडू आवरेना. बऱ्याच वेळाने त्यांनी बाहीने तोंड पुसलं.

"पुन्हा लाव," ते म्हणाले. "मधेच कुठेतरी सुपाचं बोलली असेल. मीच नीट बघितलं नसेल."

मोकने रीळ मागे फिरवलं.