बगलेतला पट

“पेंच-दू,” वेदातने पुकारलं. पाच आणि दोन. “नाही आली आत. खेळ तू.”

नुसरेतने फाशांना हात लावला नाही. वेदातची मेलेली सोंगटी पटाच्या मधल्या दांडीवर बसून होती. तिला आत यायला सहाचं एकच घर उघडं होतं. म्हणजे दोनपैकी एका फाशावर तरी शेश पडायला हवा. आणि या आठवड्यात वेदातला हवा तेव्हा शेश पडतच नव्हता.

“तुझं चाललंय तरी काय रे?”

“नशीब रुसलंय. बायकोसारखं.”

नुसरेतने जन्मभर इझमीरच्या फेरीबोटीवरून धक्क्यावर दोर फेकला. बोट लागली की लोक उतरून चालू पडतात; दोर फेकणाऱ्याकडे कोण बघतो? पण धक्क्यामागच्या जेलालच्या चहाखान्यात, तवल्याच्या, म्हणजे फाशा-सोंगट्यांच्या खेळाच्या, पटावर त्याचं नाव होतं. गेल्या हिवाळ्यात डोळ्यांवर पडदा आला. काळी सोंगटी, पांढरी सोंगटी एवढं कळे, फाशांचे ठिपके मात्र दिसत नसत. म्हणून दोघांचेही फासे वेदातच पुकारू लागला. तेव्हापासून नुसरेत जिंकतच सुटला होता.

आधी त्याला बरं वाटलं. माणूसच तो. मग खटकायला लागलं. पुकारण्यापूर्वी वेदात क्षणभर थांबतो, हे त्याच्या कानांनी टिपलं होतं. आता तर जेलालही यात सामील असावा, असा त्याला संशय येत होता.

“जेलाल, दोन फाशांत निदान एक शेश पडायची शक्यता किती?”

“एकाची सहावा हिस्सा, दोघांची दुप्पट,” जेलाल पेले विसळत म्हणाला. “छत्तीस जोड्यांत बारा.”

“अकरा. शेश-शेश तू दोनदा मोजलास, गाढवा. उलटं मोजावं. एकही शेश नसलेल्या जोड्या आधी काढ. या फाशाचे पाच आकडे, त्या फाशाचे पाच, पाच पंचे पंचवीस. छत्तीसातून त्या गेल्या की उरलं ते तुझं.”

“मग पंचवीस वेळा नाहीच पडत की, नुसरेतकाका.”

“एकदा नाही पडला, चालतं. दुसऱ्यांदाही चालतं. मागच्या फेकीचं पुढच्या फेकीशी काही देणंघेणं नसतं. पण दहादा टाकून एकही नाही? शंभर माणसं दहा-दहादा टाकायला बसव. असं दोघा-तिघांचंच होईल. आणि त्यांत नेमके आमचे वेदातसाहेब?”

वेदात हसला, पण उशिरा. त्याचा हात फासे उचलायला आला तेव्हा नुसरेतचा पंजा त्यांच्याभोवती पडलेला होता.

दोराने घट्टे पडलेल्या बोटांना ठिपके कळले नसते. त्याने एक फासा वरची बाजू न फिरवता चिमटीत धरला आणि ओठाला लावला.

“म्हातारा फाशाचा मुका घेतोय!” जेलाल ओरडला.

चार कोपरे आणि मध्ये एक. पेंच. बरोबर होतं. नुसरेतला मनातून हायसं वाटलं. उगाच मित्रावर संशय घेतला, असंही वाटलं. मग त्याने दुसरा उचलला. एका कडेला तीन खळगे, दुसऱ्या कडेला तीन.

“शेश,” तो म्हणाला.

जेलालने नळ बंद केला.

“किती दिवस चाललंय हे?”

“तुला हरताना बघवेना रे,” वेदात पुटपुटला. “आधीच डोळे गेले, त्यात...”

“डोळे गेलेत. मी नाही गेलो अजून.”

हिवाळ्यापासून जिंकलेल्या एकेका डावाची नुसरेतला लाज वाटली. ते जिंकणं नव्हतंच, भीक होती. त्याने स्वतःच वेदातची सोंगटी दांडीवरून उचलून आत ठेवली.

“आता नीट खेळ.”

पुढचा प्रत्येक फासा त्याच्या ओठाला लागून गेला. डाव लांबला. वेदात आधी चाचरत खेळला, मग रंगात आला, आणि नुसरेत हरला.

आमच्याकडे जिंकणारा पट मिटून हरलेल्याच्या बगलेत देतो: जा, आधी शिकून ये. सगळे खिदळतात. वेदातने पट मिटला आणि तसाच टेबलावर ठेवून दिला.

नुसरेत उभा राहिला. त्याने एक हात अंगापासून दूर धरला.

“दे.”

“राहू दे ना.”

“दे म्हणतो ना!”

वेदातने पट त्याच्या बगलेत सारला. “जा,” तो म्हणाला. “शिकून ये.”

चहाखाना हसला. नुसरेत काठी टेकत बाहेर पडला. घर मागच्याच गल्लीत होतं, तरी तो धक्क्यावरून गेला. बोट नुकतीच लागली होती. उतरणाऱ्या माणसांमधून तो पट आवळून, आत सोंगट्या खुळखुळत, सावकाश चालत राहिला.