न वाढलेला हप्ता

"काका, शिल्लक हीच आहे. मी दोनदा बघितली," असं म्हणत मुबशिराने संगणकाचा पडदा भानुदासकडे वळवला.

भानुदास सोनवणे खाकी गणवेशातच खुर्चीच्या कडेवर टेकला होता. तिकिटाचं मशीन गळ्यात आणि पैशांची कातडी पिशवी मांडीवर. गृहकर्ज देणाऱ्या कंपनीची ही शाखा इंदापूरच्या बसस्थानकापासून हाकेच्या अंतरावर होती आणि त्याची गाडी परत बारामतीला सुटायला अजून पस्तीस मिनिटं होती. तेवढ्यात काम उरकेल असं त्याला वाटलं होतं. काम साधं होतं. बारामतीच्या घरावर एक मजला चढवायचा. एक लाख ऐंशी हजार साठवले होते, आणखी तीन लाख याच कर्जावर वाढवून हवे होते. संघपाल एकोणतीस वर्षांचा झाला. त्याचं लग्न ठरलं, तर वर एक खोली पाहिजे.

"आठ लाख चौऱ्याहत्तर हजार?" भानुदास म्हणाला. "आगं, मी घेतलंच नऊ लाख. आठ वरसं होत आली. एक हप्ता चुकला आसंल तर दाखव."

"चुकला नाहीच. तुमचं खातं बघून सायेब आम्हाला उदाहरण देतात."

"मग?"

मुबशिरा इंदापूरचीच. कॉलेजला बारामतीला जायची तेव्हा तीन वर्षं याच भानुदासने तिचा पास तपासला होता. एकदा पास घरी राहिला तर पूर्ण तिकीट फाडलं होतं. वर म्हणाला होता, 'मी वळखतो तुला, पर मशीन वळखत न्हाय.' ते तिच्या अजून लक्षात होतं. म्हणूनच की काय, तिने प्रिंट काढली, पेन घेतलं आणि खुर्ची त्याच्या बाजूला ओढली.

"काका, हप्त्यातून आधी त्या महिन्याचं व्याज कापतात. उरेल ते मुद्दलात. आता मागच्या महिन्याचंच बघा. तुम्ही भरले आठ हजार नऊशे पंच्याऐंशी. त्यात व्याज आठ हजार पाचशे अठ्ठावन्न. मुद्दल फिटलं चारशे सत्तावीस."

"चारशे?"

"सत्तावीस."

भानुदासने चष्मा काढून पुसला. आकड्यांना तो बिचकणारा नव्हता. सव्वीस वर्षांच्या नोकरीत त्याचा हिशेब डेपोत एका रुपयानेही कमी आला नव्हता. दर टप्प्याला, म्हणजे दर सहा किलोमीटरला, गाडीतली डोकी मोजायची आणि मशीनमधल्या तिकिटांशी ताडून बघायची, ही त्याची सवय. काही कंडक्टर ते अंदाजाने उरकतात. भानुदास मोजायचा.

"करोनात गाड्या बंद होत्या तेव्हा तुम्ही सहा महिने सवलत घेतली होती," मुबशिराने पेनाने एक ओळ दाखवली.

"मी कुठं घितली? मेसेज आला, आत्ता भरू नगा म्हणून. न्हाय भरले."

"भरू नका म्हणजे माफ नव्हतं, काका. व्याज चालूच होतं. ते मुद्दलात मिळवलं. हे बघा, दोन हजार वीसचा सप्टेंबर. शिल्लक नऊ लाख सतरा हजार."

घेतलं त्यापेक्षा सतरा हजार जास्त. भानुदासने त्या आकड्याखाली बोट ठेवलं आणि तसंच राहू दिलं.

"नंतर बावीस-तेवीसला व्याजदर वाढला. दर वाढला की एक तर हप्ता वाढतो, नाही तर मुदत वाढते. तुमचा हप्ता तोच राहिला."

"व्हय, तोच राहिला. तेच तर!" भानुदास जरा सावरून बसला. ही गोष्ट त्याला माहीत होती. तो इंग्रजी मेसेज त्याने स्वतः वाचला होता. 'हप्त्यात बदल नाही' एवढं त्याला कळलं होतं आणि त्यापुढचं वाचायची गरज वाटली नव्हती. डेपोत, भावकीत, विहारातल्या बैठकीत, जिथे कुणी कर्जाचं रडगाणं गाईल तिथे तो सांगायचा, 'माझा हप्ता आठ वर्षांत एक रुपयानं वाढला न्हाय. कंपनी बघून घ्यावी.'

"म्हणून मुदत वाढली," मुबशिरा हळूच म्हणाली.

"किती?"

तिने कागदाच्या तळाशी एका तारखेभोवती गोल केला. जानेवारी दोन हजार बावन्न.

भानुदासच्या डोक्यात जन्मसालाची वजाबाकी आपोआप झाली. शहात्तर. निवृत्ती अठ्ठावन्नला.

"आसं कसं आसंल, पोरी," तो म्हणाला. आवाज चढला नव्हता. उलट समजावणीचाच होता. "समज, तू हितनं बारामतीचं तिकीट काढलं. रस्त्याचं काम निघालं, गाडी लांबनं वळवली. मी तुज्याकडनं जादा पैसं घेतो का? तिकीट तेच. फेरा पडला तो गाडीला पडला."

"हो काका. पण हे तिकीट नाही." तिने कर्जदारांच्या नावांवर पेन ठेवलं. "आणि दोन नंबरला संघपालदादाचं नाव आहे. तेव्हा वीस वर्षं मुदत मिळावी म्हणून लावलं होतं. तुमच्यानंतर..."

"कळलं."

संघपाल तेव्हा एकवीस वर्षांचा होता. परीक्षेहून परस्पर आला होता आणि कुठे सही करायची एवढंच त्याने विचारलं होतं. दोन हजार बावन्न साली तो पंचावन्नचा असेल.

"आत्तापातूर भरलं किती मी?"

"सात लाख नव्वद हजार."

"आन् फिटलं?"

"सव्वीस हजार."

"आसंच ऱ्हायलं, तर म्होरं किती?"

मुबशिराने गणकयंत्रावर गुणाकार केला आणि आकडा तोंडाने न सांगता लिहून दिला. अठ्ठावीस लाख.

ती म्हणाली, वाढीव कर्जाचा अर्ज आज भरून घेऊ का? लगेच स्वतःच म्हणाली, नको. त्याऐवजी दुसरं एक करता येईल. थोडी फी भरली की नव्या दराने व्याज लागेल, दहा टक्के. काही रक्कम एकदम मुद्दलात भरली आणि हप्ता वाढवला, तर निवृत्तीपर्यंत संपवता येईल. तुम्ही घरी विचार करा. भानुदासने कागदाची चौघडी केली, पिशवीच्या आतल्या कप्प्यात ठेवली आणि उठला.

गाडी वेळेवर सुटली. निमगाव केतकीपर्यंत त्याने तिकिटं फाडली, टप्प्याला डोकी मोजली. एकतीस माणसं, एकतीस तिकिटं. निमगावला गर्दी उतरली तेव्हा तो पुढे ड्रायव्हरजवळ जाऊन उभा राहिला. आप्पा त्याच्याबरोबर नऊ वर्षं गाडी चालवत होता. त्याच्यापासून काही लपवणं तसंही अवघड होतं, कारण आरशात त्याला सगळी गाडी दिसायची.

"काय झालं? कर्ज न्हाय म्हणाले?" आप्पाने विचारलं.

भानुदासने सांगितलं. थोडक्यातच, पण आकडे सगळे सांगितले.

आप्पाने लासुर्ण्याचं वळण घेतलं, समोरच्या उसाच्या ट्रॅक्टरला वाट दिली आणि मग म्हणाला, "शहात्तर म्हणतूस? आरं, पंच्याहत्तरी झाली की एसटी बी तिकीट मागत न्हाय म्हाताऱ्याला. आन् तू हप्ता भरणार व्हय!"

भानुदासला हसू आलं. आपल्याला हसू आलं याचं नवलही वाटलं.

"आन् काय रं," आप्पा पुढे म्हणाला, "मला वरीसभर टोचत हुतास, आप्पा, तुजा हप्ता सतराशेनं कसा वाढला म्हणून. बायकू बी मला म्हणायची, भानुदासरावाकडनं शिका."

"व्हय. म्हणालो मी."

"म्हणालास." आप्पाने गिअर बदलला. भवानीनगरला त्यानेच खाली उतरून दोन चहा आणले. एरवी चहा आणायचं काम भानुदासचं असे.

घरी अंजलीने कागद वाचला. ती गल्लीतल्या बायकांचे ब्लाउज शिवायची आणि मापात पाव इंचाचा फरक तिला लांबून दिसायचा. तिने तारखेभोवतीचा गोल बघितला, कागद पालथा घातला, पुन्हा सुलटा केला.

"पोराला सांगितलं?"

"न्हाय."

"मग आधी त्याला सांगा. त्याच्या गळ्यात हाय हे."

संघपाल चाकणला एका कारखान्यात होता. संध्याकाळी सातला त्याची पाळी सुटायची. भानुदास सव्वासातपर्यंत थांबला. कसं सांगायचं ते त्याने मनात दोन-तीनदा जुळवलं होतं, प्रत्यक्षात मात्र तो एवढंच म्हणाला, "संघा, घराच्या कर्जात माजी चूक झालीय. लई मोठी."

संघपाल रस्त्याच्या कडेला सरकला असावा, पलीकडचा वाहनांचा आवाज कमी झाला.

"मला म्हाईत हाय, दादा."

"काय म्हाईत हाय?"

"दोन हजार बावन्न. दिवाळीच्या आधी मी हितं फ्लॅटसाठी अर्ज केला हुता. त्यांनी सगळं काढून दाखवलं. म्हणाले, आधीच्या कर्जात तुमचं नाव हाय, पगार बसत न्हाय."

"म्हंजे न्हाय म्हणाले?"

"न्हाय म्हणाले."

दिवाळीत संघपाल चार दिवस घरी होता. भाऊबीजेला आलेल्या मेव्हण्यांसमोर भानुदासने याच बैठकीच्या खोलीत बसून हप्त्याची गोष्ट सांगितली होती. शेजारी बसून लाडू खाणारा संघपाल त्याला आठवला. मान खाली घालून खात होता. आपल्याला वाटलं होतं, पोरगं भुकेलं आहे.

"मग बोलला का न्हाईस मला?"

"कसं बोलू? तुमी सगळ्यांना सांगत हुता..." संघपाल म्हणाला. "लई खुशीनं सांगायचा, दादा."

भानुदासने फोन या कानावरून त्या कानावर घेतला. अंजली मशीनवर बसली होती, पण मशीन बंद होतं.

"मी निम्मा हप्ता देतो," संघपाल म्हणाला. "तुमी वरच्या मजल्याचे पैसं तसंच ठिवा."

"न्हाय."

"आवो, पर..."

"तू एक कर. एक दिवस रजा टाक आन् इंदापूरला ये. कागदावर तुजी सही लागंल. ह्या बारीला वाचून कर."

पुढच्या गुरुवारी दोघे मुबशिरासमोर बसले. भानुदासने त्या दिवशी रजा घेतली होती. तो धुतलेल्या पांढऱ्या शर्टात होता. एक लाख ऐंशी हजार मुद्दलात गेले. व्याजदर दहावर आला. हप्ता ठरला अकरा हजार, नव्वद महिने. शेवटचा हप्ता दोन हजार तेहतीसच्या जुलैत, निवृत्तीच्या महिन्याच्या पगारातून. भानुदासने प्रत्येक ओळीखाली बोट धरून वाचलं, इंग्रजी शब्द अडला की संघपालला विचारलं, आणि एका ठिकाणी मुबशिरालाही साहेबांना विचारून यावं लागलं. दीड तास लागला. मग बापाने सही केली, त्याखाली मुलाने.

"उद्या दर पुन्हा वाढला तर?" भानुदासने विचारलं.

"तर तुम्हाला विचारल्याशिवाय मुदत वाढवायची नाही, हप्ता वाढवायचा, असं लिहून दिलंय तुम्ही. हे इथे."

"आन् दर सा महिन्याला मी येऊन शिल्लक बघणार. चालंल?"

"या की काका. पास लागत नाही," मुबशिरा म्हणाली.

त्या आठवड्यात डेपोच्या विश्रांतीगृहात विशाल नावाचा नवा कंडक्टर त्याच्याजवळ येऊन बसला. त्यालाही घर घ्यायचं होतं. "काका, तुमचा हप्ता म्हणं कधीच वाढला न्हाय?"

खोलीत पाच-सहा जण होते. आप्पा कोपऱ्यात डबा खात होता. त्याने मान वर केली नाही.

"वाढला आता," भानुदास म्हणाला. "मीच वाढवला. बस हितं, सांगतो. न वाढल्यानं काय झालं ते आधी आईक." आणि त्याने सात लाख नव्वद हजार आणि सव्वीस हजार हे दोन्ही आकडे सगळ्यांना ऐकू जातील एवढ्या आवाजात सांगितले.

रविवारी संघपाल घरी आला तेव्हा भानुदास गच्चीवर होता. स्लॅबच्या कडेने नऊ खांबांच्या सळया कमरेएवढ्या वर आलेल्या होत्या. पुढचा मजला जोडायला म्हणून घर बांधतानाच ठेवलेल्या. आठ पावसाळ्यांत त्या गंजून तांबड्या झाल्या होत्या. कटर भाड्याने आणलं होतं. सहा खांब झाले होते, कापलेल्या सळयांची जुडी भिंतीला टेकवलेली होती.

"दादा, ऱ्हाऊ द्या की," संघपाल म्हणाला. "पुढं कधीतरी बांधू."

"पानी मुरतंय त्यातनं. स्लॅब खराब हुईल."

"आवो, पर पुढं..."

"पुढं तू तुजं तिकडं बांध. तुज्या नावानं." भानुदासने कटर त्याच्या हातात दिलं. "धर. माजा खांदा भरून आलाय."

उरलेले तीन खांब संघपालने कापले. ठिणग्या गच्चीभर उडत होत्या आणि गल्लीतून कुणीतरी विचारलं, काय बांधताय का सोनवणे? भानुदासने खाली वाकून सांगितलं, न्हाय, कापतोय. मग त्याने घमेल्यात सिमेंट कालवलं आणि एकेका खुंटावर थापून थापीने गुळगुळीत केलं. नवव्यापाशी पोचला तेव्हा ऊन उतरलं होतं. अंजलीने जेवायला हाक मारली.

"वलं हाय, पाय देऊ नगंस," तो संघपालला म्हणाला. दोघे त्या नऊ करड्या चौकोनांना वळसा घालून जिन्याकडे गेले.

पुढचे सात दिवस पहाटेच्या गाडीला जायच्या आधी भानुदास बादली आणि तांब्या घेऊन गच्चीवर चढायचा आणि प्रत्येक खुंटावर पाणी मारायचा, नव्या बांधकामाला मारतात तसं.