अंबाबाईचे ओठ

मला जन्मापासून ऐकू येत नाही. लोकांना वाटतं, हिला दिसतही नसावं. म्हणून माझ्यासमोर बिनधास्त बोलतात. पण मी ओठ वाचते. बघायला आलेली तीन स्थळं मी त्यांच्याच तोंडून नापास केलीत.

सार्थक मात्र आवडला. तोंड समोर धरून सावकाश बोलायचा. त्याची आई सारजाबाई तेवढी सदा पदर तोंडाला लावून. त्यांचं एक अक्षर मला कधी वाचता आलं नव्हतं.

आमचा साखरपुडा अवसरीत, त्यांच्याच घरी होता. त्या घरची एक रीत आहे. अंगठीआधी नव्या सुनेला अंबाबाईचा सिनेमा दाखवायचा.

अंबाबाई सार्थकची पणजी. पणजोबा चिमाजींना सिनेमाचं लई वेड. लेण्याद्रीच्या पायऱ्यांवर ते स्वतः नायक झाले आणि नव्या बायकोला नायिका केलं. त्या मुक्या सिनेमाचा दीड मिनिटाचा तुकडा उरलाय. पुढच्याच वर्षी, मूल पाळण्यात असताना, अंबाबाई विहिरीत पाय घसरून गेली. सवाष्ण गेली, म्हणून तिचा आशीर्वाद घ्यायचा.

सार्थकचे वडील सयाजीराव यांनी टीव्हीला पेनड्राइव्ह लावला. "शेवटाला आजी बोलती बघ. 'सुखी ऱ्हा' म्हनती."

पडद्यावर चिमाजींनी अंबाबाईचं मनगट धरलं. जमलेल्या बायका लाजून हसल्या. अंबाबाईनं मान वळवून थेट समोर बघितलं आणि ती बोलली.

'सुखी ऱ्हा' म्हणताना ओठ मिटत नाहीत. हिचे दोनदा मिटले.

"सोडवा मला. ह्यो मारंल."

प, ब, म ओठांवर सारखेच दिसतात, माझी चूकही असेल. मी खुणेनं सांगितलं, पुन्हा लावा.

सार्थकनं माझं मनगट धरलं. "नूतन, एकदाच बघायचा असतो." हसतच म्हणाला, पण बोटं रुतली. मला त्याची पहिल्यांदा भीती वाटली.

सारजाबाई ओटी भरायला समोर बसल्या. तांदूळ ओतताना त्यांनी पदर खाली सोडला. ओठाच्या कोपऱ्यात जुना व्रण होता. आवाज त्यांनी काढला नसावा, कारण शेजारच्या सयाजीरावांनी मानही वळवली नाही.

"पळ, पोरी."

या वेळी मला पुन्हा बघावं लागलं नाही. सार्थकनं अंगठी पुढे केली. मी मूठ घट्ट मिटली.