बाहीवरचा लोहार

"सर, सोव्हिएत संघानं जगाला भेट दिलेला पुतळा शांततेचा शत्रू असू शकतो का?"

दोरितनं विचारलं आणि मागच्या बाकावर कुणीतरी तोंडातला घास गिळला तेही सगळ्या वर्गाला ऐकू आलं.

पैज इल्काची होती. सकाळी व्हरांड्यात ती म्हणाली होती, "तू विचारशील? तू? पुढच्या बाकावरची, वरच्या शाळेत जाणारी, गुरांची डॉक्टर होणारी! जा गं, तुझ्या जिभेला कुलूप आहे." मार्लीसनं लगेच तेल ओतलं, "विचारलंस तर आठवडाभर माझा सॉसेजचा पाव तुझा." मार्लीसची आई पावावर सॉसेज असं थापायची की पाव शोधावा लागे. पण दोरित पावासाठी उठली नव्हती. 'कुलूप' हा शब्द तिला झोंबला होता.

कारण कुलूप होतंच, गेल्या पानगळीपर्यंत. नाव पुकारलं की ती उभी राहून स्वतःच्या कॉलरशी बोलायची. मग एका शुक्रवारी ती चर्चमागच्या खोलीत, मुलामुलींच्या बैठकीत जाऊन बसली, तीही बाहेर पाऊस होता म्हणून. तिथं पास्टर हेन्शेलनी तिला विचारलं, "तुला काय वाटतं?" आणि उत्तराची वाट बघितली. खरोखरची वाट! आजवर तिला प्रश्न पुष्कळांनी विचारले होते, पण उत्तर सगळ्यांना आधीच माहीत असायचं. त्या दिवशी जे कुलूप निघालं ते निघालंच. आता घरात बाबा म्हणायचे, "हिला बंद करायचं बटण कुठे आहे गं?"

"कुठला पुतळा?" नागरिकशास्त्राच्या लोरेन्त्स सरांनी विचारलं.

दोरितनं हात वळवून हिरव्या जाकिटाची बाही पुढे केली. बाहीवर गोल कापडी बिल्ला होता आणि बिल्ल्यावर एक उघडाबंब लोहार, हातोडा उगारून तलवार ठोकणारा. तलवार मोडून तिचा नांगराचा फाळ करणारा. त्या वसंतात सगळ्या पूर्व जर्मनीत चर्चला जाणाऱ्या पोरांच्या बाह्यांवर हा लोहार घाव घालत होता, आणि गेल्याच आठवड्यात सरांनी सांगितलं होतं की तो शत्रूनं पाठवलेला आहे.

"हा पुतळा, सर."

आता सर एवढंच म्हणाले असते, 'खाली बस', तर पुढचं काही घडलंच नसतं. पण सर तरुण होते आणि त्यांना बोलायला आवडायचं. ते बाहीजवळ वाकून म्हणाले, "हे बघा, मुलांनो. असलं शिल्प तिकडचे भांडवलदारच करू जाणोत. श्रमिक माणूस किती केविलवाणा दाखवलाय!"

केविलवाणा? त्या लोहाराचे दंड सरांच्या मांडीएवढे होते.

इल्का हसू दाबत उठली. तिची मावशी सहलीला मॉस्कोला जाऊन आली होती आणि तिनं पाठवलेलं चित्र-कार्ड इल्कानं मुद्दाम आणलं होतं. तोच लोहार, तोच हातोडा. मार्लीसनं मागचा मजकूर खणखणीत रशियनमध्ये वाचून दाखवला. रशियनमध्ये तिला कायम पहिला नंबर. पुतळा मॉस्कोच्या संग्रहालयाच्या अंगणात उभा होता आणि त्याचा जोडीदार सोव्हिएत सरकारनं न्यूयॉर्कला, संयुक्त राष्ट्रांच्या बागेसाठी दिलेला होता.

"सर," इल्का अगदी गरीब चेहरा करून म्हणाली, "केविलवाणा म्हणालात ते मॉस्कोला कळवायचं का?"

वर्ग हसून फुटला. सरांचे कान बिटासारखे लाल झाले. त्यांनी पुस्तक मिटलं आणि ते तडक मुख्याध्यापिकांकडे गेले.

थोड्याच वेळात दोरितला बोलावणं आलं. मुख्याध्यापिका वीगांटबाई ओरडत नसत. ओरडणाऱ्या माणसाशी भांडता तरी येतं. बाई गोड बोलायच्या. टेबलावर महिला दिनाची कार्नेशनची फुलं सुकून माना टाकून बसली होती.

"बस, दोरित. तुझ्यासारखी हुशार मुलगी! हे आलं कुठून?"

"चर्चमधून, बाई."

"छापायला सरकारी परवानगी लागते, ठाऊक आहे ना?"

"कागदावर छापायला लागते, बाई. हे कापडावर छापलंय. कापडावर छापणं म्हणजे कापडकाम, त्याला परवानगी लागत नाही."

हे खरंच होतं. चर्चच्या लोकांनी कायद्यातली ही फट बरोबर हेरली होती. दोरितला ते सांगताना इतकी मजा आली की मजा चेहऱ्यावर उमटली, आणि बाईंनी ती पाहिली.

"जाकीट काढ."

बाईंनी बिल्ला नखानं ओढून पाहिला. पण तो दोरितच्या आईनं शिवला होता, आणि आई कोटांच्या कारखान्यात शिलाईला होती. टाका हलेना. मग बाईंनी खणातून कात्री काढली आणि बिल्ल्याच्या कडेकडेनं, खालच्या कापडासकट, गोल कापत नेली. चर्र चर्र. लोहार खणात गेला. बाहीवर उरलं एक भोक.

"सोमवारी सकाळी झेंड्यासमोर सगळी शाळा जमेल," बाई आणखी गोड झाल्या. "तू पुढे यायचं आणि म्हणायचं, 'चर्चनं मला भुलवलं, माझी चूक झाली.' झालं! वरच्या शाळेतली तुझी जागा तशीच राहील. नाहीतर बघ बाई, माझे हात बांधलेले आहेत."

बांधलेल्या हातात कात्री अजून होती.

घरी आईनं आधी शाळेतला सगळा प्रकार ऐकला आणि ती मटकन स्टुलावर बसली. "जागा जाईल गं, दोरित. तुझी जागा जाईल." मग तिनं बाही हातात घेतली, उलटी केली, कडा बोटानं चाचपली आणि तिच्या चेहऱ्यावरची भीती कुठल्या कुठे गेली.

"कापलं? सरळ कापलं? अगं, आतून टाके उसवले असते तर कापडाला धक्का लागला नसता! शिवण उसवायची अक्कल नाही आणि शाळा चालवतात!"

"आई, बिल्ला कापला हे वाईट की कापड?"

"तू गप्प बस. दोन्ही."

बाबा सूतगिरणीत मुकादम होते. ते मोरीपाशी हात धूत होते. साबण, पाणी, पुन्हा साबण. पाठ न वळवताच म्हणाले, "म्हणून टाक, पोरी. शब्दच आहेत. मी नाही मे दिनाला झेंडा घेऊन चालत? बैठकीत हात वर करत? संध्याकाळी घरी आलं, हात धुतले, की काही चिकटलेलं नसतं."

बाबा रोज एवढा वेळ हात धुतात ते सुताच्या धुळीमुळे, असंच दोरितला लहानपणापासून वाटत आलं होतं.

ती आरशासमोर उभी राहिली. म्हणून तर बघू. "चर्चनं मला भुलवलं." वाक्य घसरगुंडीवरून यावं तसं अलगद बाहेर आलं. कॉलरशी बोलणारी जुनी दोरितसुद्धा ते म्हणू शकली असती. उलट, तीच जास्त चांगलं म्हणाली असती. दोरितनं आरशाकडे पाठ फिरवली. डोळ्यांपुढे मात्र पांढरा डगला, गुरांचा दवाखाना आणि वासराचं ओलं नाक तसंच होतं. लहानपणापासून दुसरं काही तिला व्हायचंच नव्हतं, आणि वरच्या शाळेशिवाय ते होणं शक्य नव्हतं.

शुक्रवारी संध्याकाळी ती चर्चमागच्या खोलीत गेली तेव्हा फाटकासमोर सरकारी पाळतीची नेहमीची मोटार उभी होती. आतले दोन गृहस्थ नेहमीसारखे पेपर वाचत होते. पास्टर हेन्शेल, उंच, काटकुळे, स्वेटरच्या कोपरांना ठिगळं, पुदिन्याच्या चहाचे दोन पेले घेऊन त्यांच्याकडे चालले होते. दर शुक्रवारी ते चहा नेत आणि दर शुक्रवारी ते दोघे नको म्हणत.

"घ्या हो, थंडी आहे," पास्टर काचेवर टकटक करून म्हणाले. काच खाली आली नाही. परत येताना त्यांनी दोरितला एक पेला दिला. "घे, सरकारी वाट्याचा आहे."

आत कोळशाची शेगडी धूर जास्त आणि ऊब कमी देत होती. दोरितनं उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. शेवटी म्हणाली, "पास्टर, म्हणू का मी ते?"

"म्हण की."

शेगडीत कोळसा घालणारा हातही थांबला. सगळे बघायला लागले.

"अगं, हे चर्च दोनदा जळलंय," पास्टर म्हणाले. "एका लढाईत आमच्या घंटा वितळवून त्यांच्या तोफा केल्या. ते सगळं पचवून उभं आहे, तुझ्या एका वाक्यानं पडणार नाही. सोमवारी म्हणालीस तरी शुक्रवारी दार उघडं आणि चहा असाच पाणचट. त्याची काळजी नको. मला एवढंच सांग, ते खरं आहे का?"

आणि ते थांबले. तेच ते थांबणं. शेगडी तडतडली. कुणी तिच्या वतीनं बोललं नाही.

"नाही," दोरित म्हणाली. "मला इथं कुणी काही करायला सांगितलंच नाही. बिल्ला मी हट्टानं शिवून घेतला. तुम्ही तर म्हणाला होतात, शाळेत घालू नकोस, जागा जाईल."

"म्हणालो होतो. तू ऐकलंस?"

"नाही."

"म्हणजे भुलवण्याच्या परीक्षेत मी साफ नापास," पास्टर म्हणाले, आणि खोलीभर हसू सांडलं.

तेवढ्यात दार करकरलं. दारात इल्का, आणि तिच्या मागे, कोटाची कॉलर नाकापर्यंत ओढलेली, मार्लीस! मार्लीसचे वडील गिरणीतल्या पक्षशाखेचे चिटणीस. ती जन्मात कधी चर्चच्या आवारात आली नव्हती.

"इथं आत येताना काय करायचं असतं?" तिनं घाबरून विचारलं.

"बूट पुसायचे," पास्टर म्हणाले.

इल्कानं अंगातलं जाकीट फिरवून दाखवलं. बाहीवर गोल भोक! तिच्याकडे बिल्ला कधी नव्हताच, तिनं नुसतंच भोक पाडलं होतं, स्वयंपाकघरातल्या कात्रीनं. भोकातून तिनं बोट बाहेर काढलं आणि हलवलं. "नमस्कार, वीगांटबाई!"

"अगं, पण तू उजव्या बाहीला कापलंस! माझं डाव्या बाहीला आहे."

इल्कानं आधी स्वतःच्या बाहीकडे पाहिलं, मग दोरितच्या. "हात् तिच्या! मी आरशात बघून कापलं."

हसून हसून दोरितच्या डोळ्यांत पाणी आलं. मार्लीसनं मात्र गंभीरपणे कोट उघडला. आत स्वेटरच्या बाहीवर पांढरं, कोरं, गोल कापड शिवलेलं होतं. टाके वेडेवाकडे, पण घट्ट. "उशीच्या अभ्र्याचं आहे," ती म्हणाली. "काही छापलेलं नाही, काही लिहिलेलं नाही. कोऱ्या कापडावर काय बंदी घालणार आहेत?"

"तुझे बाबा..." दोरित म्हणाली.

"बाबांना मी सांगणार, अभ्रा उंदरानं खाल्ला. गोल खाल्ला."

पास्टर हसले, पण मग शेगडीकडे बघत राहिले. "पोरींनो, भोकालाही किंमत पडते. आज हसा, पण ते विसरू नका." मग त्यांनी मेणबत्ती लावली. शुक्रवारी बैठकीच्या शेवटी सगळे शांततेसाठी थोडा वेळ गप्प बसत. दोरितला आधी वाटायचं, गप्प बसून काय होणार? आज कळलं की शाळेतलं गप्प बसणं वेगळं आणि हे वेगळं. तिथं माणूस आकसतो. इथं तिच्या एका खांद्याला इल्काचा खांदा लागला होता, दुसऱ्याला मार्लीसचा, आणि मार्लीस थरथरत असूनही उठून गेली नव्हती.

परत जाताना मोटारीतल्या पेपरामागून एक डोळा त्यांच्या बाह्यांकडे बघत होता. इल्कानं भोकातून बोट काढून त्यालाही नमस्कार केला.

रविवारी दुपारी टेबलावर बटाट्याचे वाफाळते गोळे, लाल कोबी आणि मांसाचा रस्सा होता. आईनं सकाळपासून ठिगळ तयार ठेवलं होतं. कारखान्यातून त्याच हिरव्या रंगाचा तुकडा शोधून आणलेला, गोल कापलेला, सुईत दोरा ओवलेला. ठिगळ असं बेमालूम बसलं असतं की तिथं कधी काही होतं हे देवालाही कळलं नसतं.

"जेवण झालं की लावते," आई म्हणाली. "उद्या सगळ्यांसमोर उभं राहायचंय, नीटनेटकी दिसायला हवीस."

"वाक्य पाठ झालं?" बाबांनी गोळा कापत विचारलं. मऊ आवाजात विचारलं, म्हणून जास्तच कठीण गेलं.

दोरितनं काटा खाली ठेवला. जीभ कोरडी पडली होती. पण कुलूप? छे, कुलूप कुठेच नव्हतं.

"आई, बाबा, मी ठरवलंय. उद्या मी पुढे जाणार, बोलावलंय म्हणून. पण ते वाक्य म्हणणार नाही. ते खोटं आहे. मला चर्चनं भुलवलं नाही, असंच म्हणणार, आणि शेवटच्या रांगेला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणणार. मग सरांना विचारलेला प्रश्न सगळ्या शाळेसमोर पुन्हा विचारणार, कारण त्याचं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही."

"आणि जागा?" बाबांचा सुरीवरचा हात थांबला होता.

"गेली तर मी रडेन, बाबा. खूप रडेन, आत्ताच सांगून ठेवते. मग सामुदायिक शेतीच्या गोठ्यावर शिकाऊ म्हणून जाईन. आजारी गाय कुणाला विचारत नाही, की तू कुठल्या शाळेची. डॉक्टर नाही झाले तरी गुरं माझ्या हाताखालून बरी होऊन जातील. पण हात धुवायला मला मोरीपाशी तेवढा वेळ उभं राहायचं नाही."

बाबांनी स्वतःच्या हातांकडे पाहिलं. आईची नजर ओवून ठेवलेल्या सुईकडे गेली.

"आणि आई, ते ठिगळ लावू नकोस. भोक तसंच राहू दे. फक्त त्याची कड शिवून दे, गोल, काजाला घालतेस तसल्या टाक्यानं, तुझ्या हातची. म्हणजे उद्या कुणी कितीही ओढलं तरी उसवणार नाही."