टोफू कोरडाच हवा

"आई, टोफू कुठे गेला?"

"पाण्यात घातलाय," सासूबाई म्हणाल्या. "अगदी कोरडा पडला होता हो. वर कुणीतरी वरवंटासुद्धा ठेवला होता."

कुणीतरी म्हणजे जावईच. पाणी निथळावं म्हणून सकाळी त्यानेच टोफू फडक्यात गुंडाळून वरवंट्याखाली ठेवला होता. ओला टोफू तेलात तळला जात नाही, नुसता तडतडतो आणि लिबलिबीत होतो. आता सोयाबीनच्या पनीरचा तो पांढरा ठोकळा वाडग्यात सुखाने डुंबत होता.

त्याच्या रक्त तपासायच्या प्रयोगशाळेत हाताखालच्या कुणी असा घोळ घातला असता, तर जावयाने त्याची बिनपाण्याने केली असती. पण सासूला काय बोलणार?

"बरं केलंत," म्हणत त्याने टोफू पुन्हा दाबाखाली ठेवला.

सासऱ्यांना मोठा ताप येऊन गेला होता, आणि जाताना तो त्यांचं नाक घेऊन गेला होता. कशाचाच वास येईना. जेवण म्हणजे ओला पुठ्ठा, असं ते सुरुवातीला म्हणायचे. एरवी जन्मभर प्रत्येक पदार्थाला नावं ठेवणारा हा माणूस आता नुसतं "ठीक आहे" म्हणून ताट सरकवायचा. पट्ट्याला नवी भोकं पाडून झाली होती. असंच चाललं तर भरती करून नळीतून अन्न द्यावं लागेल, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. सासूबाई भात अधिकाधिक मऊ करत होत्या.

जावयाचं म्हणणं नेमकं उलट होतं. वास गेला तरी मिरचीची आग कळते, कारण ती चव नाहीच. चटका ज्या नसांना कळतो त्यांनाच तीही कळते. आंबट कळतं, दाताखाली काय मोडलं तेही कळतं. म्हणून आग्नेय आशियात रस्त्यावरच्या गाड्यांवर परततात तशा झणझणीत नूडल्स. बायकोला हे पटलं होतं. कामावर निघताना ती एवढंच म्हणाली, "आईला सांभाळून घे."

मिरच्या, लसूण आणि आलं वाटायला घेतलं, तर मिरच्या हलक्या लागल्या. कुणीतरी त्या उभ्या चिरून आतल्या बिया आणि शिरा काढून टाकल्या होत्या.

"आजारी माणसाला बाधतं," सासूबाई म्हणाल्या.

"आई, सगळी आग त्या शिरांमध्येच असते."

"म्हणून तर काढल्या."

जावयाने दुसऱ्या मिरच्या घेतल्या आणि वाटण होईपर्यंत त्यांच्यावरचा हात काढला नाही. टोफूचे तुकडे तांबूस, कडक तळून बाजूला ठेवले. कढई धुरावली तसं वाटण टाकलं. सासूबाई खोकत खिडकीकडे पळाल्या. त्याला जरा बरंच वाटलं. गाजर, कोबी, ढोबळी मिरची, मोठ्या आचेवर झरझर. मग नूडल्स, सोया सॉस, चिंचेचा कोळ, शेवटी थोडा टोफू. प्लेट घ्यायला तो कपाटाकडे वळला, तेवढ्यात मागून चर्र आवाज आला.

सासूबाईंच्या हातात रिकामा तांब्या होता. "थोडंसंच पाणी घातलं. घशात अडकायला नको."

कढईत लगदा झाला. जावयाने गॅस बंद केला. लगदा बाजूला काढून त्याने कढई धुवायला घेतली.

"आई," तो म्हणाला, "तुम्ही बाबांजवळ बसा. हात जोडतो."

"राग आला वाटतं जावईबापूंना."

"नाही आला."

"आलाय. कान लाल झालेत तुमचे."

पण त्या गेल्या. उरलेल्या सामानात जेमतेम एक प्लेट झाली. ती त्याने वाफाळतीच सासऱ्यांपुढे ठेवली.

त्यांनी एक घास घेतला. चावणं मध्येच थांबलं. डोळ्यांत पाणी आलं, नाक वाहू लागलं. सासूबाई जावयाकडे खाऊ की गिळू असं बघू लागल्या. सासऱ्यांनी टॉवेलने नाक पुसलं आणि दुसरा घास घेतला. मग तिसरा. टोफू दाताखाली कुरकुरताना ऐकू येत होता.

"गाजर कच्चं आहे," ते म्हणाले.

"कच्चं नाही बाबा, तसंच ठेवतात."

"कोण ठेवतं? आणि कोबी एवढा जाड चिरतात का? बैलासाठी चिरलाय?"

सासूबाईंनी जावयाचा दंड घट्ट धरला. "नावं ठेवली," त्या पुटपुटल्या. "ऐकलंत? नावं ठेवली त्यांनी."

सकाळपासून राबणाऱ्या जावयाला खरं तर एखादा बरा शब्द चालला असता. पण प्लेट रिकामी झाली होती आणि सासऱ्यांनी ती त्याच्या दिशेने सरकवली.

"आण अजून," ते म्हणाले. "या वेळी नीट कर."