छताला टांगलेला थोरला

माझे थोरले दीर छताला टांगलेले आहेत, हे मला लग्न ठरल्यावर बऱ्याच दिवसांनी कळलं.

त्याआधी मी त्या घरी दोन-तीनदा जाऊन आले होते. प्रत्येक वेळी सासूबाईंच्या तोंडी 'थोरला' असायचाच. थोरल्याच्या वेळी माझ्या बोटांची चाळण झाली. थोरल्याच्या वेळी आम्ही सुट्टीसुद्धा घेतली नाही. थोरला अजून आहे तस्सा आहे, म्हातारा झाला तो हाच. 'हाच' म्हणताना त्या माझ्या होणाऱ्या नवऱ्याकडे बोट दाखवायच्या. घरात फोटो मात्र एकाच मुलाचे. मला वाटलं, थोरल्याचं घरच्यांशी काहीतरी बिनसलं असणार. शेवटी मी धीर करून नवऱ्याला विचारलंच, "तुझे मोठे भाऊ करतात तरी काय?"

"लटकतात," तो म्हणाला आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला.

पुढच्या सुट्टीला तो मला निसर्ग संग्रहालयात घेऊन गेला. मोठ्या दालनाचं दार ढकललं आणि म्हणाला, "नमस्कार कर. थोरले आहेत."

वर बघितलं तर बसएवढे लांब पंख पसरून एक भलामोठा टेरोसॉर तारांवर तरंगत होता. लांब चोच, मागे निमुळता तुरा, उघडं तपकिरी अंग, वटवाघळासारखे ताणलेले पंख. डायनासोर जमिनीवर फिरत होते त्या काळात आकाश ज्यांचं होतं, ते हे उडणारे सरपटणारे प्राणी. पक्षी नव्हेत, वटवाघळं नव्हेत, डायनासोरही नव्हेत, फार तर त्यांचे चुलतभाऊ. हे सगळं खालच्या पाटीवर लिहिलेलं होतं. मी पाटी वाचत होते तेवढ्यात नवरा म्हणाला, "लहानपणी मला याचा फार राग यायचा. आई रोज कामावर जाताना याला बघून यायची. मला शाळेत सोडायला मात्र शेजारच्या काकू."

सासरे मी पाहिले नाहीत. ते या संग्रहालयात प्रतिकृती करायचे. लाकूड, तार, प्लॅस्टर, कागदाचा लगदा, जे हाताला लागेल त्यातून मासे, कासवं, मगरी. सासूबाई समोरच्या नाट्यगृहाचे पडदे शिवायच्या. टेरोसॉरचं काम निघालं, तेव्हा पंखांचं कातडं शिवणार कोण, असा प्रश्न पडला. एवढं मोठं कापड झोळ न पडू देता ताणून शिवायचं म्हणजे खायचं काम नव्हतं. संग्रहालयात जीवाश्मांचा विभाग बघणारे एक डॉक्टर होते. औषध देणारे नव्हेत, पुस्तकांचे. ते स्वतः रस्ता ओलांडून नाट्यगृहात गेले आणि सासूबाईंना मागून आणलं. 'मागून आणलं' हा शब्द सासूबाईंचाच. त्यावर त्या दर वेळी हसायच्या.

ते दिवस त्यांनी मला इतक्यांदा सांगितलेत की मी तिथे होते असंच मला वाटतं. कार्यशाळेत सरसाचा वास. खिडकीतून येणारं तिरकं ऊन. मधोमध तारांचा सांगाडा. डॉक्टर दगडात उमटलेल्या हाडांची चित्रं भिंतीला टाचून समजावून सांगायचे. "हा पंख कशावर आहे बघा. पक्ष्याचा पंख हातावर असतो, वटवाघळाचा चार बोटांवर. याचा पंख एकाच बोटावर. या बोटावर." आणि ते आपली अनामिका वर करायचे. "हे बोट वाढत वाढत अंगापेक्षा लांब झालं. उरलेली तीन आपली साधीच, नखांची."

सासूबाईंना ते काही केल्या पटेना. "एका बोटावर एवढं कापड? अहो डॉक्टर, मी अख्ख्या दांडीवर पडदा टाकते तरी तो खाली येतो."

"पडदा मेलेला असतो, बाई. हे जिवंत कातडं होतं."

मग वाद निघाला, हा जमिनीवर चालायचा कसा. डॉक्टरांचं म्हणणं, चालायचा कसला, पोटावर घसटत जायचा, कड्यावर चढायचा आणि तिथून स्वतःला सोडून द्यायचा. त्या काळी पुष्कळ जण तसंच मानायचे. सासऱ्यांना मात्र करून बघितल्याशिवाय चैन पडत नसे. त्यांनी पडद्याच्या दोन दांड्या आपल्या दोन्ही अनामिकांना बांधल्या आणि जमिनीवर पालथे पडून सरपटायला लागले. एक दांडी रंगाच्या डब्यात, दुसरी डॉक्टरांच्या धोतरा... असं सासूबाई सांगताना थांबायच्या आणि म्हणायच्या, "नाही, ते धोतर नेसायचे नाहीत, उगाच मी मीठमसाला लावते." शेवटी सासरे टेबलाखाली असे अडकले की पुढेही जाता येईना, मागेही येता येईना. डॉक्टर पाय ओढत होते, सासूबाई दांड्या सोडवत होत्या.

"टेबलाखालून मान बाहेर काढून हा माणूस मला काय म्हणाला माहितेय?" सासूबाई विचारायच्या.

माहीत असूनही मी विचारायची, "काय म्हणाले?"

"म्हणाले, 'तुम्ही चहा घेता की कॉफी?' अगं, त्या अवस्थेत! मी तेव्हाच ठरवलं."

टेरोसॉर छताला चढला आणि पुढच्याच महिन्यात यांचं लग्न झालं. म्हणून तो थोरला. माझा नवरा मागाहून आला, म्हणून तो धाकटा.

आमच्या लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी एक दिवस संग्रहालयातून फोन आला. नवऱ्याने घेतला. बोलता बोलता त्याचा आवाज बारीक होत गेला. फोन ठेवून तो माझ्याकडे वळला. "थोरल्याला उतरवतायत. शास्त्र बदललंय म्हणे. तो आता चुकीचा आहे."

"आईंना सांगायला हवं."

"अजिबात नाही. गुडघ्यांमुळे ती जिना उतरत नाही, तिला कशाला कळतंय? उगाच जिवाला घोर."

मी रात्रभर तळमळले नाही की काही नाही. सकाळी चहाबरोबर सांगून टाकलं. ज्यांनी आपलं मूल समजून काही केलंय, त्यांना शेवटच्या दिवशी घरी बसवायचं, हे मला पटलं नाही. सासूबाईंनी कप खाली ठेवला. "चुकीचा आहे म्हणजे? काय चुकलंय त्याचं?"

"त्याला केस हवे होते म्हणे."

"केस?" त्या उठून उभ्याच राहिल्या. "माझ्या थोरल्याला केस? माकड आहे का तो?"

त्या दिवशी जिना उतरताना गुडघ्यांचं नावही निघालं नाही.

दालन बंद ठेवलं होतं. आतमध्ये मचाण, कप्प्या, साखळ्या, चार-पाच माणसं. जीवाश्मांचा विभाग आता बघणारी नवी क्युरेटर तरुण मुलगी होती, केस वर बांधलेले, हातांत हातमोजे. सासूबाई कोण हे कळताच तिने आधी खुर्ची आणवली. सासूबाई बसल्या नाहीत. त्यांनी थेट तोफ डागली. "तुम्ही म्हणे त्याला चुकीचा ठरवलंत?"

"आजी, त्या वेळी जेवढं माहीत होतं, त्यात तो अगदी बरोबर होता," ती म्हणाली. "मी लहानपणी याला बघूनच या विषयात आले. मलाही त्रास होतोय."

एवढं ऐकल्यावर सासूबाईंची अर्धी हवा गेली. "मग सांग तरी, काय काय बदललं."

आणि ती सांगत गेली. पुढे असे जीवाश्म सापडले, ज्यांत कातडीचा ठसा उमटलाय. अंगावर बारीक मऊ लव होती, थंडीपासून जपणारी. म्हणजे हे थंड रक्ताचे, सुस्त प्राणी नसणार. पंखाचं कातडं वटवाघळासारखं नुसतं पातळ नव्हतं, आतमध्ये बारीक तंतूंच्या रांगा होत्या, त्याने पंख ताठ राहायचा, फडफडायचा नाही. हाडं आतून पोकळ, भिंत पुठ्ठ्याएवढी पातळ, आणि आत हवा. यांचे पूर्वज बहुधा जमिनीवर तुरुतुरु पळणारे छोटे प्राणी होते, हेही आता कळायला लागलंय.

"आणि चालायचे कसे?" सासूबाईंनी विचारलं. मला वाटतं, त्या याच प्रश्नासाठी आल्या होत्या.

"चार पायांवर. दगडात पाऊलखुणा मिळाल्यात. लांब बोट मागे वर दुमडून घ्यायचे आणि बाकीची तीन बोटं टेकून चालायचे. उडायचं झालं की पक्ष्यासारखी पायांनी उडी नाही मारायचे, हातांनीच जमीन ढकलायचे. उडायचे सगळे स्नायू हातातच ना! कडा वगैरे लागत नसे."

सासूबाईंनी मग तिला टेबलाची गोष्ट सांगितली. मुलगी मचाणाला टेकून हसली. "त्यांनी पोट उचललं असतं आणि दांड्या वर दुमडल्या असत्या, तर जमलं असतं की!"

"टेबल मध्ये आलं ना," सासूबाई म्हणाल्या. आणि मग, जरा वेळाने, हळूच, "ते असते तर आत्ता इथेच पालथे पडले असते बघ."

साखळ्या सैल व्हायला लागल्या. थोरला खाली येऊ लागला. मी त्याला इतक्या वर्षांत कधी डोळ्यांच्या पातळीवर बघितलं नव्हतं. पाठीवर धुळीचा थर, काचेच्या डोळ्यावर कोळ्याचं जाळं. वरून दिमाखदार दिसणारं अंग जवळून पार थकलेलं होतं. अर्ध्यावर असताना एक तार अडकली, डावा पंख मचाणाला घासला आणि टर्रकन फाटला. सासूबाईंच्या तोंडून फक्त "अरे" एवढंच आलं.

तेवढ्यात मागून कोणीतरी धावत आलं आणि पंखाखाली दोन्ही हात घालून उभं राहिलं. बघते तर माझा नवरा. कामावरून तसाच आलेला, गळ्यात ओळखपत्र लटकतंय. "बघता काय, धरा की!" तो ओरडला. माणसं धावली. पंख अलगद टेकला.

"तू येणार नव्हतास ना?" मी विचारलं.

"तुला राहवणार नाही हे माहीत होतं," तो म्हणाला. "सकाळी घरी कोणी फोन उचलेना, तेव्हाच कळलं, तिला सांगितलंस ते."

सासूबाईंनी पिशवीतून सुई-दोरा काढला. त्यांच्या पिशवीत तो असतोच. खुर्ची पंखाजवळ ओढून घेतली आणि फाटलेल्या कडा जुळवायला लागल्या. क्युरेटर घुटमळली. "आजी, नका त्रास घेऊ. आता त्याचे भाग सुटेच करायचेत."

"असू दे. फाटका नाही जायचा तो इथून."

माणसं साखळ्या गुंडाळायची थांबली. नवरा जमिनीवर बसून कापड ताणून धरत होता आणि सासूबाई टाके घालत होत्या, जुन्या टाक्यांना लागून नवे. टाका घालता घालता त्यांनी क्युरेटरला विचारलं, "आणि यांची पिल्लं? घरट्यात भरवायचे का?"

"अंडी मऊ कवचाची असायची, सरड्यांसारखी. आणि पिल्लं बहुधा फार लवकर उडायला लागायची. अंड्यातल्या पिल्लांचीही पंखाची हाडं चांगली तयार झालेली सापडलीत. आईबापांवर फारशी अवलंबून नसावीत. यावर अजून वाद आहेत, पण माझं तरी तसं मत आहे."

सासूबाईंनी दोरा दातांनी तोडला. "बिचारे," त्या म्हणाल्या. पिल्लं बिचारी की आईबाप, ते त्यांनी सांगितलं नाही. नवऱ्याने मान खाली घातली, आणि इतका वेळ धरलेला कापडाचा कोपरा शिवून झाल्यावरही तो सोडेना.

थोरल्याला मोडीत नाही काढलं. गावाबाहेरच्या एका मोठ्या शाळेने तो मागून घेतला. पूर्वी लोकांना काय वाटायचं आणि आता काय वाटतं, हे मुलांना दाखवायला. सासूबाईंना हे सांगितलं तेव्हा त्या म्हणाल्या, "नोकरी लागली म्हणायची. चांगलं झालं."

नवीन प्रतिकृतीचं काम सुरू झालं आणि एक दिवस क्युरेटर आमच्या घरी आली. पंखाच्या कापडात तंतूंच्या रांगा बसत नव्हत्या, कापड गोळा होत होतं. "आजी, तुम्ही नुसतं बघून सांगाल?" आजी नुसतं बघून कसल्या सांगतायत! तो अख्खा हिवाळा आम्ही त्यांना संग्रहालयात सोडायचो आणि संध्याकाळी आणायचो. कार्यशाळा तीच होती, पण सरसाचा वास गेला होता. आता तिथे संगणक होते, यंत्राने प्लॅस्टिकमध्ये छापून काढलेली हाडं होती. सासूबाईंना तिथे पहिल्या दिवशी परकं वाटलं. दुसऱ्या दिवशी त्या घरून आपली उशी घेऊन गेल्या आणि खिडकीखालची जागा धरली. कापड दोन थरांत घ्यायचं आणि आधी तंतू टाचून मग ताणायचं, हे त्यांनी आणि क्युरेटरने मिळून शोधलं. आधी दोघींनी तीनदा उसवलं. एकदा तर भांडल्याही. "डॉक्टरही असेच हट्टी होते," असं सासूबाई घरी येऊन म्हणाल्या, तेव्हा मला कळलं की ती मुलगी त्यांना आवडायला लागलीय.

लव चिकटवायचं काम सगळ्यात किचकट. माझा नवरा सुट्टीच्या दिवशी चिमटा घेऊन तिथे बसायला लागला. मी डबा घेऊन जायची तर मायलेक शेजारी शेजारी बसून टेरोसॉरच्या मानेवर केस लावतायत आणि बोलतायत ते भलतंच. बाबा शिट्टी कशी वाजवायचे. पहिल्या घराचं दार कुठल्या रंगाचं होतं. तो म्हणायचा हिरवं, त्या म्हणायच्या निळं. इतक्या वर्षांत या दोघांना मी असं निवांत बोलताना ऐकलं नव्हतं. मी डबा ठेवायची आणि बाहेरच्या बाकावर जाऊन बसायची.

दालन उघडलं त्या दिवशी तुफान गर्दी होती. नवा टेरोसॉर छताला नव्हता. तो दालनाच्या मधोमध जमिनीवर उभा होता, चारही पायांवर, हात वाकवून, आता कुठल्याही क्षणी जमीन ढकलेल असा. अंगावर करडी-पांढरी लव. दिव्याखाली पंखातल्या रांगा दिसत होत्या. भाषणं झाली, फोटो झाले. क्युरेटरने सासूबाईंना पुढे बोलावलं, त्या गेल्या नाहीत. "गुडघे दुखतात," म्हणाल्या.

गर्दी ओसरल्यावर त्या बाकावर बसल्या होत्या. शेजारी कोणीतरी अनोळखी बाई बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. सासूबाई तिला समजावत होत्या, "त्या दुमडलेल्या लांब काडीकडे बघ. ते बोट आहे. एकच बोट." बाई डोळे मोठे करून बघत होती. बाळ झोपलं होतं.

मी त्यांचा कोट घेऊन गेले. "आई, निघू या का? हा गाडी काढायला गेलाय."

"थांब गं जरा," त्या म्हणाल्या. कोट माझ्या हातून घेतला, घातला नाही, मांडीवर घडी करून ठेवला. "हिला अजून शेपटी दाखवायची राहिलीय."