प्रेक्षकाला पाठ

तीस वर्षांत रंगनाथरावांना नाटकातल्या एकाही खलनायकानं छळलं नसेल, तेवढं त्या मेल्या माइकनं महिन्याभरात छळलं.

नाटक कंपनी बंद पडली आणि सत्त्याण्णव साली नाशिकच्या एका रेडिओ केंद्रानं त्यांना निवेदक म्हणून घेतलं. महिनाभर काम बघणार, जमलं तर कायम. काम काय, तर विंचूरच्या बाजारातले कांद्याचे भाव वाचायचे! ज्यानं राजे रंगवले, त्यानं आता उन्हाळ कांदा रंगवायचा.

माइकचं तोंड भिंतीकडे. मागे काच, आणि काचेपलीकडे यंत्रं सांभाळणारा गोटीराम. रंगनाथरावांच्या हाडात एकच शिस्त मुरलेली: जीव गेला तरी प्रेक्षकाला पाठ दाखवायची नाही. आणि तिथं प्रेक्षक म्हणावा असा गोटीराम एकटाच. त्यामुळे "विंचूर, कांदा" इथवर सगळं ठीक चाले. भाव सांगायची वेळ आली की देह आपोआप काचेकडे वळे आणि भाव हवेत विरून जाई.

"काका, मला कशाला सांगता भाव? माझ्याकडं कांदा नाय!" गोटीराम कपाळावर हात मारायचा.

केंद्रप्रमुख निकिताबाईंनी शेतकऱ्यांच्या पत्रांचा गठ्ठाच पुढ्यात टाकला. "तुमचा माणूस भाव गिळतो, असं लिहितात लोक. काका, उद्याचा शेवटचा दिवस. उद्याही वळलात, तर माझा नाइलाज आहे."

घरी येऊन रंगनाथरावांनी चप्पल भिरकावली. "भिंतीपुढं बोलायचं! समोर माणूस नाही, काणूस नाही. बघणाराच नाही, तर बोलू कुणाशी?"

त्यांच्या पत्नी चतुराबाई भाजी निवडत होत्या. कंपनीत त्या प्रॉम्प्टर होत्या. नटाचा शब्द अडला की विंगेतून पुरवायचा, हे त्यांचं काम. त्या शांतपणे म्हणाल्या, "मी कधी बघितलं तुम्हाला?"

"म्हणजे?"

"प्रत्येक प्रयोगाला माझी मान वहीत. ओळीवरचं बोट सुटून चालायचं नाही. टाळ्या पडायच्या तेव्हा तुम्ही कसे दिसत होता, मला काय ठाऊक? मी नुसतं ऐकलं. तीस वर्षं."

रंगनाथरावांनी भिरकावलेली चप्पल उचलून जागेवर ठेवली. इतक्या वर्षांत आपण हिला एकदाही समोर बसवलं नाही, याची त्यांना लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी ते माइकपुढं बसले. विंचूर आलं. मान वळू लागली. त्यांनी खुर्चीचे हात घट्ट धरले आणि वहीत मान घातलेल्या बाईला ऐकू जाईल असा एकेक भाव वाचला. मागून गोटीरामनं खुशीत काचेवर टकटक केली. त्यांनी वळून पाहिलं नाही.

निकिताबाई म्हणाल्या, "सोमवारपासून कायम." त्यांचं पुढचं बोलणं न ऐकताच ते घराकडे निघाले.

दारातच चतुराबाई ट्रान्झिस्टर घेऊन उभ्या होत्या. "एकही शब्द पडला नाही तुमचा," त्या म्हणाल्या, आणि तीस वर्षांत पहिल्यांदाच त्यांच्याकडे नीट बघत राहिल्या.